नांव ठेवणें आणि नांवें ठेवणें

मराठींत 'नांव ठेवणें' आणि 'नांवें ठेवणें' यांत फरक केवळ वचनाचा. पण अर्थाच्या दृष्टीनें पाहतां त्यांत जमीनअस्मानाचें अंतर आहे. बारशाच्या दिवशीं आत्या बाळाच्या कानांत सांगते तें नांव एकदांच ठेवलें जातें; नांवें मात्र पुढें सारा गांव जन्मभर ठेवीत राहतो. प्राणिशास्त्रांतील नामकरणाची आज हीच अवस्था झाली आहे. स्वीडनमधील लिनीअस या पंडितानें १७५८ सालीं आपल्या 'सिस्टेमा नॅच्युरी' या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तींत प्रत्येक प्राण्यास दोन शब्दांचें नांव देण्याची पद्धति सरसकट अमलांत आणली, आणि तेव्हांपासून अडीचशेंहून अधिक वर्षें पृथ्वीवरील यच्चयावत् जीवांचें बारसें त्याच पद्धतीनें चालू आहे. परंतु नांव ठेवण्यापेक्षां नांवें ठेवण्याचा उत्साह अलीकडे अधिक दिसूं लागला आहे. कोणी म्हणतो, हीं नांवें खोटीं आहेत. कोणी म्हणतो, तीं परकीं आहेत. आणि सर्वांत नवा पक्ष म्हणतो, तीं कलंकित आहेत, सबब तीं पुसून टाकावीं. तिन्ही आक्षेपांत थोडें थोडें तथ्य आहे, आणि म्हणूनच त्यांचा विचार केल्यावांचून गत्यंतर नाहीं. शास्त्रीय नांव या तिहींपैकीं कोणत्याहि कारणास्तव बदलूं नये, असें आमचें स्पष्ट मत आहे. तें कां, हें येथें सांगावयाचें आहे.

पहिला आक्षेप खोटेपणाचा. तो आम्ही मोकळ्या मनानें मान्य करतों. इतकेंच नव्हे, तर आक्षेपकांस पुरून उरतील इतके दाखले आम्हीच त्यांच्या पदरांत टाकतों. आपल्या रानांतलें काळें अस्वल घ्या. इंग्लंडांतील जॉर्ज शॉ या प्राणिशास्त्रज्ञानें १७९१ सालीं त्याचें वर्णन केलें. त्याचीं लांबलचक वांकडीं नखें आणि वरच्या जबड्यांतील मधल्या दोन दांतांची उणीव पाहून शॉसाहेबांस तें दक्षिण अमेरिकेंत झाडांना उलटें लोंबकळणाऱ्या 'स्लॉथ' या मंदगति प्राण्याचें भावंड वाटलें, आणि त्यांनीं त्याचें नांव ठेवलें 'ब्रॅडिपस अर्सिनस', म्हणजे अस्वलासारखा स्लॉथ. पुढें तें अस्वलच आहे हें ध्यानांत आल्यावर पहिला शब्द गेला व त्याच्या जागीं 'मेलर्सस', म्हणजे मधु-अस्वल, हा शब्द आला. पण दुसरा शब्द नियमाप्रमाणें जागच्या जागीं राहिला. परिणाम असा कीं, आज या प्राण्याचें शास्त्रीय नांव 'अस्वलासारखें मधु-अस्वल' असें आहे! अस्वल अस्वलासारखें असतें हें सांगण्यास शास्त्र कशाला हवें, असें म्हणून कोणी हंसला तर आम्ही त्याला दोष देणार नाहीं.

याच शॉसाहेबांपुढें आठ वर्षांनीं त्याहून विलक्षण कोडें येऊन पडलें. ऑस्ट्रेलियांतून एका केसाळ जनावराचें कातडें आलें होतें आणि त्याला बदकाची चोंच होती. कोणा खोडकरानें चोंच शिवून तर दिली नाहीं ना, अशी शंका शॉच्या मनांत आली. पण टांका कोठें सांपडेना. तेव्हां १७९९ सालीं त्यांनीं त्यास 'प्लॅटिपस अनाटिनस', म्हणजे बदकासारखा सपाटपाया, हें नांव दिलें. दुर्दैवानें 'प्लॅटिपस' हें नांव १७९३ सालींच एका किड्याच्या वंशाला देऊन झालें होतें. इकडे जर्मनींत ब्लूमेनबाख या पंडितानें स्वतंत्रपणें १८०० सालीं त्याच प्राण्याचें 'ऑर्निथोऱ्हिंकस पॅराडॉक्सस', म्हणजे विरोधाभासी पक्षिमुख, असें नांव ठेवलें. अखेर वंशाचें नांव ब्लूमेनबाखचें आणि जातीचें नांव शॉचें अशी जोड होऊन 'ऑर्निथोऱ्हिंकस अनाटिनस' हें नांव कायम झालें. हा सस्तन प्राणी अंडीं घालतो, या गोष्टीचा निर्विवाद निकाल तर १८८४ सालीं लागला. म्हणजे प्राणी म्हणजे काय हें कळण्यापूर्वीं चौऱ्याऐंशी वर्षें त्याचें नांव ठरून गेलें होतें.

याहून उघड उघड खोटीं नांवेंहि आहेत. नंदनपक्ष्याचीं कातडीं न्यू गिनींतून युरोपांत जात तीं तेथील लोक पाय तोडूनच विकावयास काढीत. त्यामुळें हा पक्षी पायांवांचूनच जन्मतो व आकाशांतच तरंगत राहतो अशी समजूत युरोपांत पसरली होती, आणि लिनीअसनें त्याच्या एका जातीस 'अपोडा', म्हणजे बिनपायाचा, असें नांव दिलें. पक्ष्याला दोन चांगले धडधाकट पाय आहेत. नांव मात्र आजहि बिनपायाचेंच आहे. अमेरिकेंत सांपडलेल्या एका प्रचंड सांगाड्यास रिचर्ड हार्लन यानें १८३४ सालीं 'बॅसिलोसॉरस', म्हणजे सरड्यांचा राजा, असें म्हटलें. पुढें रिचर्ड ओवेन यानें त्याचे दांत तपासून सिद्ध केलें कीं, हा सरडा नव्हे, देवमासा आहे. आणि त्यानें 'झ्यूग्लोडॉन' हें नवें नांव सुचविलें. ओवेनचें म्हणणें सोळा आणे खरें होतें. तरीहि आज तो देवमासा सरड्यांचा राजाच आहे, आणि ओवेनचें खरें नांव जुन्या ग्रंथांत पडून आहे.

हें हट्टाचें लक्षण आहे काय? तसें कोणास वाटेल. परंतु इतिहास निराळें सांगतो. ब्रिटिश विद्वानांनीं १८४२ सालीं नामकरणाचे पहिले व्यवस्थित नियम केले तेव्हां त्यांत अशी मुभा ठेवलीच होती कीं, जें नांव असत्य विधान करून महत्त्वाच्या गैरसमजुती पसरवील तें बदलतां यावें. मुभा शहाणपणाची दिसते. पण 'महत्त्वाची गैरसमजूत' कोणती हें ठरविणार कोण? ज्याला त्याला दुसऱ्याचें नांव खोटें व आपलें खरें वाटणार हें उघड आहे. १८९५ सालीं प्राणिनामकरणाचें आंतरराष्ट्रीय मंडळ स्थापन झालें, आणि पुढें त्याच्या नियमावलींत नांव अयोग्य आहे एवढ्यावरून तें टाकूं नये असेंच ठरलें. म्हणजे खोटीं नांवें दुरुस्त करण्याचा मार्ग पूर्वसूरींना सुचला नव्हता असें नाहीं. त्यांनीं तो सुचविला, पारखला आणि सोडून दिला. आज जे तोच मार्ग नवा म्हणून पुढें आणतात त्यांनीं एवढें तरी लक्षांत घ्यावें.

आणि असत्य नांवानें व्यवहार अडतो, ही कल्पना तरी कितपत खरी आहे? आपलीच मराठी पाहा. खवल्यामांजर, पाणमांजर, जवादी मांजर, उदमांजर या चार मांजरांपैकीं एकहि मांजर नाहीं. खवल्यामांजर हें मुंग्या व वाळवी खाणारें, बिनदातांचें, निराळ्याच गणांतलें जनावर. पाणमांजर हें नदीकांठचें मासेखाऊ. उरलेलीं दोन फार तर मांजराचीं दूरचीं चुलत भावंडें. पण खवल्यामांजराला दूध पाजावयास निघालेला एकहि मराठी माणूस आम्हीं ऐकलेला नाहीं. नांवावरून प्राणी ओळखण्याचा प्रयत्न कोणी करीत नाहीं. प्राणी ओळखून मगच आपण नांव उच्चारतों. 'नांव सोनूबाई, हातीं कथलाचा वाळा' असें आपण हंसून म्हणतों, पण म्हणून सोनूबाईचें नांव कथलूबाई करा असा ठराव कोणी आणीत नाहीं. अडचण येते ती निराळ्याच ठिकाणीं. उदमांजर हा शब्द कोणी पाणमांजराला लावतो, तर कोणी झाडावर राहणाऱ्या कांडेचोराला. अशा वेळीं कोणत्या प्राण्याविषयीं बोलणें चाललें आहे हें ठरविण्यास शास्त्रीय नांवाचाच आधार घ्यावा लागतो. त्या नांवाचें काम एवढेंच कीं, तें एकाच प्राण्याला लागू पडावें आणि लागू पडतच राहावें.

नीलगाईची गोष्ट याहूनहि बोधप्रद आहे. विदर्भांत हिला रोही म्हणतात. पॅलस या पंडितानें १७६६ सालीं हिला 'ट्रॅगोकॅमेलस', म्हणजे बोकड-उंट, असें म्हटलें. ब्लँव्हिल यानें १८१६ सालीं तिच्या वंशाला 'बोसेलॅफस', म्हणजे बैल-हरिण, असें नांव दिलें. एका नांवांत बैल, हरिण, बोकड आणि उंट असे चार पशु कोंबले. आणि ती त्यांपैकीं एकहि नाहीं. शहरांतले शहाणे खेडुतांस हंसत कीं, हे अडाणी लोक हरणाला गाय म्हणतात. आजचें वर्गीकरण मात्र नीलगाईस आणि चौशिंग्यास गाईबैलांच्याच उपकुलांत बसवितें. काळविटापेक्षां ती गाईला जवळची ठरते. तेव्हां ज्यांनीं नांव 'खरें' करण्याच्या हव्यासानें गाय शब्द काढून हरिण घातलें असतें त्यांना आज पुन्हां हरिण काढून गाय घालावी लागली असती. शास्त्राचें सत्य हें वाढतें सत्य आहे. त्याच्या प्रत्येक पावलाबरोबर नांव बदलावयाचें म्हटलें तर कालच्या ग्रंथांतला प्राणी कोणता, हें आज कोणालाच कळणार नाहीं.

नांवाच्या अर्थाला भुलल्यानें किती फजिती होते याचा धडा आपणां हिंदी लोकांस एका जबड्यानें दिला आहे. शिवालिकच्या टेकड्यांत १९३२ सालीं लेविस या अमेरिकन संशोधकास वानराच्या वरच्या जबड्याचा एक तुकडा सांपडला, आणि १९३४ सालीं त्यानें त्याचें 'रामपिथेकस', म्हणजे रामाचा वानर, असें नांव ठेवलें. पुढें १९६० नंतरच्या दशकांत कांहीं नामांकित विद्वानांनीं हा वानर मनुष्याचा पूर्वज असल्याचें प्रतिपादन केलें. पाठ्यपुस्तकांत तो विराजमान झाला. आणि मानवजातीचा मूळपुरुष आमच्या भूमींतला व त्याचें नांवहि रामाचें, हें पाहून अनेकांच्या छात्या फुगल्या. परंतु १९६७ सालीं सारिच आणि विल्सन यांनीं रक्तांतील प्रथिनांच्या अभ्यासावरून दाखविलें कीं, मनुष्य आणि आफ्रिकेंतील वानर यांची फारकत अवघ्या पन्नास लाख वर्षांपूर्वींची असावी; रामपिथेकस तर त्याहून कितीतरी जुना. त्यानंतर पोटवारच्या पठारावर शिवपिथेकसचा बराचसा शाबूत चेहरा हातीं आला व १९८२ सालीं त्याचें वर्णन प्रसिद्ध झालें. तो ओरांगउटानच्या चेहऱ्याशीं जुळला. रामपिथेकस हा याच शिवपिथेकसपैकीं, असें ठरलें. आणि शिवपिथेकस हें नांव १९१० सालचें, म्हणून जुन्या नांवाच्या मानानें राम शिवांत विलीन झाला! यांत रामाची मानहानि नाहीं आणि शिवाचा विजयहि नाहीं. मानहानि झाली ती नांवाच्या अर्थावर गर्वाचे इमले बांधणारांची.

येथें एक आक्षेप रास्तपणें घेतां येईल: 'नांव बदलूं नये म्हणतां, आणि तुमच्याच दाखल्यांत नांवें बदललेलीं दिसतात, तें कसें?' याचें उत्तर आपल्या घरच्या रिवाजांत आहे. मुलीचें लग्न झालें म्हणजे तिचें आडनांव बदलतें, कारण ती कोणत्या घरची हें त्यावरून कळावयाचें असतें; पण तिचें पाळण्यांतलें नांवहि बदलून टाकण्याची जी जुनी चाल आपल्याकडे होती ती सुधारकांनीं निंद्य मानली, आणि तें योग्यच झालें. शास्त्रीय नांवांतला पहिला शब्द आडनांवासारखा आहे. नातें निराळें ठरलें म्हणजे तो बदलतो. दुसरा शब्द पाळण्यांतलें नांव आहे. तें ज्या मूळ नमुन्यावरून ठेवलें त्या नमुन्याशीं कायमचें बांधलेलें असतें. ब्रॅडिपसचा मेलर्सस झाला, पण अर्सिनस राहिला, तो यासाठीं. अपवाद आहेत, पण तेहि नियमानेंच होतात. रुचीनें होत नाहींत.

दुसरा आक्षेप परकेपणाचा. लॅटिन व ग्रीक आमच्या भाषा नव्हेत, मग आमच्या प्राण्यांना तीं नांवें कां? या तळमळींतूनच डॉ. रघुवीर यांनीं १९४९ सालीं नागपुरांतून हिंदी पक्ष्यांच्या संस्कृत शास्त्रीय नांवांचा ग्रंथ काढला. त्यांची विद्वत्ता व परिश्रम यांपुढें आम्ही आदरानें नम्र होतों. पण शास्त्रीय नांवाचा उपयोग जगांतल्या सर्वांनीं एकच नांव घेण्यांत आहे. आपल्यापुरतें दुसरें निराळें केलें कीं तो उपयोग तेथेंच संपतो. शिवाय लॅटिन आज कोणाचीच मातृभाषा नाहीं. या बाबतींत लंडन आणि लातूर सारखींच परकीं आहेत. आणि आमच्या शब्दांना तेथें मज्जाव आहे असेंहि नाहीं. शिवालिकांतल्या जिराफाच्या एका महाकाय नातलगास फॉकनर व कॉटली यांनीं १८३६ सालींच 'शिवथेरियम', म्हणजे शिवाचा पशु, असें नांव दिलें. केरळांत वर्षांतून थोडेच दिवस, पावसाच्या तोंडीं, जमिनीवर येणारा जांभळा बेडूक २००३ सालीं बिजू व बॉसुइट यांनीं 'नासिकाबट्राकस सह्याद्रेन्सिस' या नांवानें जगापुढें मांडला. नासिका संस्कृत, बट्राकस ग्रीक आणि सह्याद्रि आपला! कच्छमध्यें सांपडलेल्या एका प्रचंड सर्पाच्या मणक्यांस २०२४ सालीं 'वासुकी इंडिकस' असें नांव मिळालें. हा मान कोणीं भाषाभिमानाचा ठराव करून मिळविलेला नाहीं. ज्यानें प्राणी शोधला, तपासला व त्याचें वर्णन केलें त्यानें नांव ठेवलें. नांवें आपलीं हवीं असतील तर बारसें करण्याइतकें काम आपण केलें पाहिजे.

आतां तिसरा पक्ष, आणि तोच आज सर्वांत प्रबळ आहे. त्याचें म्हणणें असें: हजारों प्राण्यांना साम्राज्याच्या अधिकाऱ्यांचीं नांवें चिकटलीं आहेत. ज्या आदिवासी शिकाऱ्यानें रान दाखविलें त्याचें नांव कोठेंच नाहीं. ज्या साहेबानें बंदूक झाडली त्याचें नांव अजरामर! २०२३ सालीं कांहीं शास्त्रज्ञांनीं एका प्रतिष्ठित नियतकालिकांत असें प्रतिपादन केलें कीं, व्यक्तींचीं नांवें प्राण्यांना व वनस्पतींना देण्याची चालच बंद व्हावी. याच वर्षीं आंतरराष्ट्रीय मंडळाच्या सभासदांनीं उलट मत दिलें कीं, नैतिक कारणांसाठीं नांवें बदलूं लागल्यास नांवांचें स्थैर्यच नष्ट होईल. आमचें मत मंडळाच्या बाजूचें आहे. पण तक्रारींतला अन्याय आम्हांस दिसत नाहीं असें मात्र नव्हे. अनामिक शिकाऱ्यावर अन्याय झाला हें खरेंच आहे. परंतु साहेबाचें नांव पुसल्यानें त्याचें नांव उमटत नाहीं. उलट हा अन्याय कोणाकडून, केव्हां व कोठें झाला याचा पुरावा तेवढा नाहींसा होतो.

पुरावा हा शब्द आम्हीं सहज वापरलेला नाहीं. महाराष्ट्राच्या एका पक्ष्यानें त्याची किंमत दाखवून दिली आहे. आजच्या छत्तीसगडांतील रानांत ब्लेविट नांवाच्या अधिकाऱ्यास १८७२ सालीं एक लहानसें घुबड मिळालें. अॅलन ह्यूम यांनीं १८७३ सालीं त्यास 'हेटेरोग्लॉक्स ब्लेविटी' असें नांव दिलें. मराठींत हा वनपिंगळा. पुढें डेव्हिडसन या अधिकाऱ्यानें खानदेशांत त्याचे आणखी नमुने मिळविले. १८८४ नंतर मात्र तो कोणास दिसेना. त्याचीं मोजकीं कातडीं तेवढीं निरनिराळ्या संग्रहालयांत पडून होतीं. दरम्यान रिचर्ड माइनर्ट्झहागेन या बड्या फौजी पक्षितज्ज्ञानें सांगितलें कीं, आपणांस १९१४ सालीं गुजरातेंत तापीकांठीं मांडवी येथें हा पक्षी मिळाला. त्यावर विसंबून शोधकांनीं तेथें शोध केला आणि ते हात हलवीत परत आले. पुढें पामेला रासमुसेन या विदुषीनें कातडीं आणि त्यांच्या चिठ्या बारकाईनें तपासल्या, आणि हा १९१४ चा नमुना म्हणजे डेव्हिडसनचेंच जुनें कातडें असून तें संग्रहालयांतून चोरून, उसवून, पुन्हां शिवून, खोटी चिठी बांधून ठेवलेलें आहे, असें उघडकीस आलें. खोटी चिठी बाजूस ठेवून खऱ्या चिठ्यांवरचीं गांवें शोधीत रासमुसेन आणि त्यांचे सहकारी निघाले, आणि नोव्हेंबर १९९७ मध्यें शहाद्याजवळच्या रानांत, एकशें तेरा वर्षांनीं, वनपिंगळा भर दिवसा झाडावर बसलेला दिसला! त्यानंतर तो मेळघाटांत आढळला, आणि २०१४ सालीं मुंबईपासून फार दूर नसलेल्या तानशाच्या रानांतहि आढळला.

या एका पक्ष्यानें तिन्ही पक्षांस उत्तर दिलें आहे. त्याचें 'आडनांव' आतां 'अथीनी' झालें आहे, म्हणजे तो आपल्या नेहमींच्या पिंगळ्याच्या घरांत गेला. २०१८ सालच्या जनुकीय अभ्यासानेंहि त्याचें घर तेंच असल्याचें सांगितलें. पण 'ब्लेविटी' कायम आहे, आणि त्या एका शब्दाच्या धाग्यानें १८७२ चें कातडें, १८८४ ची चिठी आणि १९९७ चा जिवंत पक्षी एकत्र बांधले गेले आहेत. त्या नांवानें कोणाचें नुकसान झालें नाहीं. नुकसान झालें तें चिठीवरच्या खोट्या मजकुरानें. ज्यांना शुद्धीकरणाची हौस आहे त्यांनीं नांवांऐवजीं नोंदी शुद्ध करण्याचें काम हातीं घ्यावें; तेथें त्यांच्यासाठीं पुष्कळ काम पडलें आहे.

आणि न्याय करावयाचा तर न्यायाधीश कोण? ह्यूम हे साम्राज्याचे अधिकारी होते. तेच १८८५ सालीं राष्ट्रीय सभेच्या संस्थापकांतहि होते. त्यांचें नांव ठेवावयाचें कीं पुसावयाचें? माइनर्ट्झहागेन चोर ठरला; पण आफ्रिकेंतील सर्वांत मोठ्या रानडुकराच्या जातीला १९०४ पासून त्याचें नांव आहे. त्या डुकरानें काय अपराध केला? स्लोव्हेनियांतील गुहांत राहणाऱ्या एका आंधळ्या किड्याला तर १९३७ सालीं एका माणसानें 'हिटलरी' हें नांव देऊन ठेवलें आहे. हा सर्वांत कठीण दाखला, आणि तो आम्ही टाळीत नाहीं. हें नांव किळसवाणें आहे. पण तें पुसण्याचा अधिकार एकदां मान्य केला कीं तो अधिकार उद्यां कोणाच्या हातीं जाईल याचा भरंवसा कोणीं द्यावा? प्रत्येक राजवटीचे देव आणि दैत्य निराळे असतात. पुतळा उभारतात तो लोकांनीं मान वांकवावी म्हणून. नांव ठेवतात तें हाक मारतां यावी म्हणून. पुतळ्याचा न्याय नांवाला लावणें ही या पक्षाची मूळ चूक आहे.

शिवाय हा दरवाजा नेमका केव्हां बंद करावयाचा? आमचीं माणसें आंत येऊं लागलीं तेव्हां? तामिळनाडूंतील हाय वेव्ही डोंगरांत १९४८ सालीं पकडलेलें एक फळखाऊ वटवाघूळ मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संग्रहांत भलत्याच जातीच्या नांवाखालीं चोवीस वर्षें पडून होतें. थायलंडच्या किट्टी थोंगलोंग्या या शास्त्रज्ञानें तें ओळखलें, आणि १९७२ सालीं त्या नव्या वंशाच्या एकमेव जातीस सलीम अली यांचें नांव दिलें. थायलंडच्या माणसानें हिंदी पंडिताचें नांव हिंदी वटवाघळाला देणें, यांत साम्राज्य कोठें आहे?

तरी जेथें सवलत देणें योग्य आहे तेथें आम्ही ती देतों. वनस्पतिशास्त्रज्ञांनीं २०२४ सालीं माद्रिद येथें आफ्रिकेंतील लोकांस अपमानास्पद असलेला 'काफ्रा' हा शब्द एक अक्षर गाळून 'आफ्रा' असा करण्याचें ठरविलें. तें नांव ओळखतां येतें, धागा तुटत नाहीं, आणि शिवी जाते. त्याबद्दल आम्ही भांडणार नाहीं. अमेरिकेंतील पक्षितज्ज्ञांच्या संस्थेनें २०२३ सालीं तेथील पक्ष्यांचीं व्यक्तींवरून पडलेलीं इंग्रजी नांवें बदलण्याचा निर्णय घेतला. तोहि त्यांच्या घरचा प्रश्न आहे. बोलीतलें नांव हें त्या त्या लोकांच्या मालकीचें असतें. तें त्यांनीं हवें तसें ठेवावें, बदलावें. आमची हरकत आहे ती सर्वांच्या सामाईक मालकीच्या नांवाला हात लावण्यास.

आणि बोलीतल्या नांवांचा विषय निघाला म्हणजे मात्र टीकेचा रोख आम्हांस आपल्याकडेच वळवावा लागतो. सह्याद्रींत गेल्या कांहीं वर्षांत बेडकांच्या कितीतरी नव्या जाति शोधल्या गेल्या. त्यांतल्या किती जातींना मराठींत स्वतंत्र नांव आहे? पाली, कोळी, चतुर, गोगलगाई यांची तीच कथा. 'एक प्रकारचा बेडूक' एवढ्यावर आमचें सुशिक्षित घर समाधान मानतें, आणि मग लॅटिन नांव परकें म्हणून नाक मुरडतें. रानांत राहणाऱ्या भिल्ल, कोरकू, ठाकर, कातकरी लोकांपाशीं पशुपक्ष्यांचीं जीं नांवें आहेत तीं लिहून घेण्यास कोणत्याहि आंतरराष्ट्रीय मंडळाची परवानगी लागत नाहीं. ज्या अनामिक शिकाऱ्यावरच्या अन्यायासाठीं लोक शास्त्रीय नांवें पुसावयास निघाले आहेत त्याचें खरें ऋण या मार्गानेंच फिटेल: त्यानें ठेवलेलें नांव विचारून घ्यावें, तें कोणत्या प्राण्याचें हें शास्त्रीय नांवाच्या आधारानें पक्कें करावें, आणि ज्यानें सांगितलें त्याच्या गांवासह व नांवासह तें छापावें. हें काम लांबणीवर टाकण्यासारखें नाहीं. कारण तीं नांवें जाणणारीं माणसें म्हातारीं होत चाललीं आहेत आणि कांहीं प्राणी त्यांच्याहि आधीं जाण्याच्या वाटेवर आहेत. पुसण्याचें काम एका ठरावानें होतें. हें काम करण्यास मात्र पायांत वहाणा घालून रानांत जावें लागेल, आणि तेथें ज्याला आपण अडाणी म्हणतों त्याच्यापुढें वही उघडून बसावें लागेल.